पक्षात जाण्याआधी दोन प्रश्न

प्रिय बाय,

तुझं पत्र आणि सोबत पाठवलेलं नव्या प्रादेशिक पक्षाचं पत्रक, दोन्ही वाचलं. तालुक्याच्या युवा शाखेची जबाबदारी घेऊ का, असं विचारतेस. त्या पत्रकात गोंयकारपण, म्हणजे गोवेकर असण्याची अस्मिता, जवळपास प्रत्येक परिच्छेदात आहे, ग्रामसभेचा उल्लेख मात्र एकदाही नाही. मला जे सांगायचं आहे ते इथूनच सुरू होतं.

प्रादेशिक राजकारणाला संकुचित म्हणून हिणवणाऱ्यांतला मी नाही. गोवा आज राज्य म्हणून उभं आहे ते त्याच राजकारणामुळे. १६ जानेवारी १९६७ रोजी जनमत कौल झाला, तेव्हा संघप्रदेश राहण्याच्या बाजूने १,७२,१९१ मतं पडली आणि महाराष्ट्रात विलीन होण्याच्या बाजूने १,३८,१७०. कौल निःपक्षपाती व्हावा म्हणून मुख्यमंत्री भाऊसाहेब बांदोडकरांचं मगो (महाराष्ट्रवादी गोमंतक) पक्षाचं सरकार आधीच पायउतार झालं होतं. आणि मार्चमध्ये विधानसभेची निवडणूक झाली तेव्हा काय घडलं, ठाऊक आहे? ज्या मतदारांनी विलीनीकरण नाकारलं होतं, त्यांनीच विलीनीकरणवादी मगो पक्षाला पुन्हा सत्तेवर बसवलं.

बाहेरच्या अभ्यासकांना हे कोडं वाटतं. भाटकाराच्या, म्हणजे जमीनदाराच्या, जमिनीत राबलेल्या घरांना ते कधी कोडं वाटलं नाही. १९६४ च्या कूळ कायद्याने कुळाला संरक्षण दिलं होतं, गावोगाव प्राथमिक शाळा निघाल्या होत्या. पुढे मुख्यमंत्री शशिकलाताई काकोडकरांच्या काळात, १९७५ मध्ये, भाटकाराच्या जमिनीवर घर करून राहणाऱ्या मुंडकारांना संरक्षण देणारा मुंडकार कायदा आला. आमच्या फोंड्याकडच्या बहुजन घरांनी त्या पक्षाला इतकी वर्षं मतं दिली ती नुसत्या मराठीच्या प्रेमापोटी नव्हेत. घराखालच्या जमिनीवरून कोणी उठवणार नाही, हा भरवसा त्या मतांमागे होता. म्हणून कुठल्याही प्रादेशिक पक्षाचं पत्रक हातात आलं की मी आधी एवढंच शोधतो: हे लोक कुठला कायदा बदलणार आहेत, आणि कोणाच्या हातचा अधिकार कोणाला देणार आहेत?

पहिला प्रश्न पक्षांतराचा. यावर मी जरा सविस्तर लिहितो, कारण गोव्यातल्या राजकीय सुधारणेची सगळी चर्चा शेवटी इथेच येऊन अडते. पक्षांतरबंदी कायदा १९८५ चा. विधिमंडळ पक्षातले दोन तृतीयांश आमदार दुसऱ्या पक्षात विलीन झाले तर त्यांना अपात्रतेपासून संरक्षण मिळतं. मोठ्या राज्यात दोन तृतीयांश म्हणजे पन्नास-शंभर माणसं. चाळीस जणांच्या आपल्या विधानसभेत ती एका जेवणाच्या टेबलाभोवती मावतात. २०१९ मध्ये काँग्रेसच्या १५ पैकी १० आमदार भाजपमध्ये गेले. २०२२ च्या निवडणुकीआधी त्याच पक्षाच्या उमेदवारांनी पणजीच्या महालक्ष्मीसमोर, बांबोळीच्या खुरसासमोर (क्रॉससमोर) आणि बेतीच्या दर्ग्यात शपथा घेतल्या. त्याच वर्षी सप्टेंबरात ११ पैकी ८ जण निघून गेले. प्रादेशिक पक्षही यातून सुटलेले नाहीत. मगोच्या तीनपैकी दोन आमदारांनी २०१९ मध्ये हीच वाट धरली. गोवा फॉरवर्डने २०१७ ची निवडणूक भाजपविरोधात लढवली आणि निकाल लागल्यावर भाजपच्याच सरकारात मंत्रिपदं घेतली.

देवासमोरच्या शपथेने हे थांबत नाही, कारण यामागे हिशेब आहे. २००३ च्या घटनादुरुस्तीने मंत्र्यांची संख्या सभागृहाच्या १५ टक्क्यांवर आणली. त्या हिशेबाने गोव्यात सहाच मंत्री व्हायला हवेत. पण लहान राज्यांसाठी किमान १२ ची मुभा ठेवली, म्हणून आपल्याकडे चाळिसातले बारा मंत्री होऊ शकतात. त्यात सभापती, उपसभापती आणि महामंडळांची अध्यक्षपदं मिळव. सत्ताधारी बाकांवर सरकारला जाब विचारायला मोकळा असा आमदार उरतोच किती? ज्याला काहीच मिळालेलं नसतं तो उड्या मारतो आणि ज्याला मिळालेलं असतं तो गप्प बसतो. याने मतदाराचं मत वाऱ्यावर जातं, आणि मला याची मनापासून चीड येते. तुझ्या पक्षाला विचार: निवडून आलेला तुमचा माणूस पक्ष सोडेल तर त्याने आधी राजीनामा देऊन पुन्हा लोकांसमोर जावं, अशी कायद्यातली दुरुस्ती तुम्ही जाहीरपणे मागाल का? आणि निकालानंतर कोणाबरोबर बसणार नाही, हे निवडणुकीआधी लिहून द्याल का?

दुसरा प्रश्न अधिकाराचा. आपले सगळेच प्रादेशिक पक्ष दिल्लीकडे हात पसरतात: जमिनीच्या रक्षणासाठी विशेष दर्जा द्या, म्हादईचं पाणी वाचवा. मागण्या रास्त आहेत. पण दिल्लीने पणजीचं ऐकावं असं म्हणणाऱ्या पणजीने सत्तरीतल्या, सांग्यातल्या गावाचं किती ऐकलं? ७३व्या घटनादुरुस्तीने पंचायतींना सोपवता येतील असे २९ विषय अकराव्या परिशिष्टात नोंदवले. आपला पंचायत राज कायदा १९९४ चा. आज एखाद्या डोंगरकापणीविरुद्ध ग्रामसभा ठराव करते, सचिव तो वहीत लिहून घेतो, आणि जमिनीचा झोन, म्हणजे शेतीची की बांधकामाची हे, बदलायचा निर्णय पणजीच्या नगरनियोजन खात्यात होतो. आपल्याच गावाच्या नकाशावर गावाला शेवटचा शब्द नसेल, तर ते गोंयकारपण कोणाच्या उपयोगाचं?

गावाने मनावर घेतलं तर काय होतं तेही आपण पाहिलेलं आहे. २००६ च्या शेवटी गोवा बचाव अभियान उभं राहिलं आणि २००७ च्या जानेवारीत सरकारला प्रादेशिक आराखडा २०११ मागे घ्यावा लागला. त्यानंतरचा आराखडा २०२१ वास्तुरचनाकार चार्ल्स कोरिया यांचा सहभाग असलेल्या कृतिदलाने हाती घेतला, आणि नकाशे गावांच्या हाती सूचनांसाठी गेले. त्या आराखड्यातही वाद होतेच. पण ओहोळ कुठे आहे, देवराई कुठे आहे हे गावकऱ्यांनी नकाशावर बोट ठेवून सांगायचं, ही पद्धत मला योग्य वाटते. त्याउलट जुलै २०२१ चं भूमिपुत्र अधिकारिणी विधेयक बघ. तीस वर्षं राहणाऱ्याला राहत्या घराची मालकी द्यायची, हा त्याचा गाभा. मुंडकारांचे खटले वर्षानुवर्षं पडून असल्यामुळे प्रश्न खराच होता. पण विधेयक गावांत न नेता घाईने संमत केलं, आदिवासी समाज संतापला आणि ते मागे पडलं. गावडा, कुणबी, वेळीप २००३ मध्ये अनुसूचित जमातीत आले, तरी २०२२ च्या विधानसभा निवडणुकीतही त्यांच्यासाठी एकही जागा राखीव नव्हती. मूळ गोंयकार म्हणून सगळे त्यांचंच नाव घेतात. पत्रकात त्यांच्यासाठी काय आहे, तेवढं बघ.

‘भायल्यां’बद्दल, म्हणजे बाहेरून आलेल्यांबद्दल, पत्रकात जी भाषा आहे ती तू बोलू नकोस, एवढी माझी विनंती आहे. फोंड्याच्या बाजारात भाजी विकणारी, बांधकामावर घमेली उचलणारी माणसं गोव्याची जमीन विकत घेत नाहीत. ती जमीन विकणाऱ्या विक्रीखतांवर बहुतेकदा आपल्याच माणसांच्या सह्या असतात, आणि झोन बदलून देणारेही आपणच निवडून दिलेले असतात. खोलीचं भाडं भरून जगणाऱ्या मजुरावर राग काढणं सोपं असतं, म्हणून तो काढला जातो.

मराठी-कोंकणीच्या वादात फार वेळ घालवू नकोस. १९८७ च्या राजभाषा कायद्याने देवनागरी कोंकणीला राजभाषा केलं आणि मराठीलाही शासकीय वापरात जागा ठेवली. त्या जागेचा वापर कर, ग्रामसभेतले प्रश्न मराठीत लिहून दे. शेजारी कोणी रोमी लिपीत कोंकणी लिहीत असेल तर त्याच्याही अर्जावर सही कर. नदीला यातलं काही कळत नाही. म्हादई लवादाने २०१८ मध्ये कर्नाटकाला १३.४२ टीएमसी (अब्ज घनफूट) पाणी दिलं. उद्या म्हादईची उपनदी खांडेपार आटली तर ओपा जलशुद्धीकरण प्रकल्पाचं पाणी मराठीवाल्यांच्या आणि कोंकणीवाल्यांच्या नळांतून एकदमच नाहीसं होईल.

तेव्हा हे दोन्ही प्रश्न पक्षाच्या अध्यक्षांना लेखी पाठव आणि उत्तरही लेखी माग. सरळ उत्तर आलं तर खुशाल जा. पक्ष नवा आहे, तुझ्यासारख्या मुली आत असतील तर त्याला वळण लागेल. उत्तर टाळलं तर नाद सोड. पंचायत निवडणूक पक्षाच्या चिन्हावर होत नाही, तुझ्या वाड्यावर तुला ओळखणारे पुष्कळ आहेत. तोवर रविवारची एकही ग्रामसभा चुकवू नकोस. मागच्या सभेचं इतिवृत्त वाचून दाखवतील तेव्हा आपला ठराव जसा झाला तसाच लिहिलाय ना, हे नीट ऐक. नसेल तर तिथेच उभी राहून दुरुस्ती सांग आणि ती नोंदवून घ्यायला लाव.

कळावे,
तुझे सर