विचारा की! : नाच्याचं सोंग

प्रश्न : 'नटरंग' बघून घरात वाद झाला. आमचे अण्णा म्हणतात, सिनेमा कोल्हापूरच्या गणपत पाटलांवरच काढलाय. खरं का? आणि ते खऱ्या आयुष्यातही तसेच होते का?
— एक वाचक, गडहिंग्लज

उत्तर : अण्णांना सांगा, पैज हरलात. 2010 चा 'नटरंग' आनंद यादवांच्या त्याच नावाच्या कादंबरीवरचा. यादव कागलचे, त्यांचा नायक गुणाही कागलकर, तोही तमाशात नाच्या होतो, म्हणजे बायकी हावभाव करणारा पुरुष. पण अण्णा का चुकले ते कळतं. आमच्या पिढीला नाच्या म्हटलं की गणपतरावांशिवाय दुसरा चेहरा आठवतच नाही.

गणपतराव 1920 चे, कोल्हापूरचेच. वडील लवकर गेले. मोलमजुरी केली, फुलं विकली, खाण्याचे जिन्नस विकले आणि मेळ्यांतून सीता उभी केली. पुढं स्टुडिओत पडेल ते काम. 'जाळीमंदी पिकली करवंदं' या नाटकातला त्यांचा नाच्या लोकांनी उचलून धरला, आणि मग तमाशापटवाल्यांनी त्यांना दुसरं फारसं काही करूच दिलं नाही.

तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचा मला राग येतो, पण तुमच्यावर नाही. मीही त्यात सापडलेला माणूस आहे. 1966 साली पेठेतल्या गणपतीच्या मेळ्यात मी नाच्या केला. वय पंधरा, तालमीत रोज दोनशे जोर मारणारा गडी. डोळ्यांत काजळ, हातात रुमाल. महिनाभर तालीम केली तेव्हा कळलं, नुसता आवाज बारीक करून भागत नाही. चवड्यावर चालायचं, शब्दाचं शेपूट लांबवायचं आणि सोंगाड्याचं वाक्य संपल्यावर क्षणभर थांबून मगच तोंड उघडायचं. घाई केली की हशा गेला. गणपतरावांच्या 'आत्ता गं बया'मधला निम्मा हशा त्या 'गं'वर असायचा, असं माझं मत.

सोंग एका रात्रीचं. दुसऱ्या दिवसापासून तालमीत मी 'बया'. आठ वर्षांनी सोयरीक जमताना मुलीच्या मामानं आमच्या वडिलांना बाजूला घेऊन हळूच चौकशी केली! बायको त्यावर अजून हसते. मी तेव्हा हसलो नव्हतो.

गणपतरावांचं तर सगळं आयुष्य त्या सोंगात गेलं. बाईमाणसासारखं चालणारा तो नट घरी चारचौघांसारखा संसारी गृहस्थ होता. पडद्यावरच्या त्या रूपाचा त्रास घरच्यांनाही झाला. (आणि समजा असते 'तसे', तर काय बिघडलं असतं? पण ते राहू दे.) निळू फुल्यांना बाया शिव्या घालायच्या, ती नटाला मिळालेली पावती समजली जायची. नाच्याला मात्र पावती कुणी देत नाही, त्याला फक्त नाव ठेवतात. 2008 च्या मार्चमध्ये ते कोल्हापुरातच गेले. 'नटरंग' थेटरात लागला तेव्हा ते नव्हतेच.

प्रश्न : माझं वय 42. नायिका नको, आई-मावशीच्या भूमिका करायच्यात. कोल्हापुरात शिकता येईल?
— एक गृहिणी, राजारामपुरी

उत्तर : येईल की ताई. शिवाजी विद्यापीठात संगीत व नाट्यशास्त्र विभाग आहे, तिथं चौकशी करा. तोवर एखादा हौशी संघ धरा. पहिलं वर्ष बहुतेक पडदा ओढण्यात आणि चहा सांगण्यात जाईल. मावशीचं काम मात्र दुसऱ्या कुणाला देऊ नका, तमाशातल्या गौळणीत खरी मजा तीच आणते.