१३ वर्षांच्या मुलीशी मैत्री, आकर्षण, राग याबद्दल कसं बोलावं? (डिचोली, गोवा)

समोर बसवून ‘आज आपण बोलूया’ असं अजिबात करू नका, मुलं तिथंच मिटतात. आमचं सगळं बोलणं स्कूटरवर झालं, शुक्रवारी म्हापशाच्या बाजाराला जाता-येता. लेक मागे बसलेली, नजरेला नजर नाही, त्यामुळे तिची जीभ सुटायची.

या वयात भावना उसळवणारा मेंदूचा भाग जोरात असतो. लगाम घालणारा भाग मात्र पंचविशीपर्यंत घडत राहतो. म्हणून ‘उगाच चिडू नकोस’ म्हणून काही होत नाही. त्यापेक्षा भावनेला नाव द्यायला शिकवा. ‘राग आला’च्या मागे बहुतेक वेळा अपमान, हेवा किंवा एकटं पडल्याची भीती असते.

संमतीचा धडा चवथीलाच, म्हणजे गणेश चतुर्थीलाच, सुरू होतो. घरभर पाहुणे, कुणी गाल ओढतं, कुणी जवळ घेतं. तिला नको असेल तर ‘अगं, मावशीच ती’ म्हणून ढकलू नका. (माझ्या सासूबाईंना हे पटायला दोन चवथी लागल्या!) घरात तिच्या ‘नको’ला किंमत मिळाली, तरच ती ते बाहेर म्हणेल.

पासवर्ड मागणं, मैत्रिणींपासून तोडणं, ‘फोटो पाठव नाहीतर बोलणार नाही’ हे प्रेम नव्हे, ताबा आहे, हे स्पष्ट सांगा. मुलगा असेल तर त्यालाही. १८ वर्षांखालच्यांनी शारीरिक संबंधांना दिलेली संमती २०१२चा पोक्सो कायदा (मुलांना लैंगिक अत्याचारापासून संरक्षण देणारा) मानत नाही, हेही न घाबरवता सांगा. आणि १०९८ हा मुलांसाठीच्या मदतवाहिनीचा नंबर तिच्या फोनमध्ये आजच घाला.