गाणं थांबल्यावर

प्रश्न : मी उपासनेत गाते. सूर चढले की डोळे भरून येतात. एकटी प्रार्थनेला बसले की सगळं कोरडं. मला देव हवाय की नुसतं संगीत?

उत्तर : सुरांनी माणूस हलतोच, त्यात खोट नाही. पण बायबलमधलं स्तोत्र ४२ उघडा. शीर्षकातच ‘मुख्य गवयासाठी’ असं आहे, म्हणजे तुमच्यासारख्यांसाठीच! समुदायाबरोबर गात देवाच्या घरी जायचो, हे स्तोत्रकर्त्याला आठवतं. आता मात्र अश्रू हेच अन्न. तरी जीव लुलपतो तो देवासाठी, आणि तक्रारही त्याच्याचकडे. कोरडेपणा तुम्हाला बोचतो, म्हणजे ओढ गाण्यापलीकडची आहे, असं मला वाटतं. आज वाद्यं नकोत. स्तोत्र ६३ मोठ्यानं, सावकाश वाचा, ‘तूच हवास’ म्हणा आणि गप्प बसा. काही जाणवलं नाही, तर उद्या पुन्हा.