मुलाला बेदखल करून जमीन सालगड्याला देता येईल का?

प्रश्न : वय 78, मंगळवेढा तालुका. आजोबांपासूनची आठ एकर काळं रान, शिवाय 1984 साली मी घेतलेली सहा एकर. पत्नी हयात नाही. मुलगा पुण्यात. 'ज्वारीत काय उरलंय, विकून मोकळे व्हा' म्हणाला, तेव्हापासून बोलणं बंद. मुलगी सोलापुरात असते. बैल विकले, वाड्यातलं धान्याचं पेव बुजवलं. सालगडी तेवढा टिकून आहे. मुलाला बेदखल करून सगळी जमीन त्याला देता येईल का?

उत्तर : काका, सगळी नाही. 'मुलाशी संबंध नाही' अशी जाहीर नोटीस पेपरात दिली, तरी वडिलोपार्जित जमिनीतला त्याचा जन्मसिद्ध हक्क जात नाही. वाटप झालं नसेल, तर त्या आठ एकरांत तुम्ही, मुलगा आणि मुलगी यांचा प्रत्येकी एक तृतीयांश वाटा धरा. हो, मुलीचाही! हिंदू वारसा कायद्यातल्या 2005 च्या दुरुस्तीने तिला मुलाइतकाच हक्क दिला आणि सर्वोच्च न्यायालयाने 2020 मध्ये तो पक्का केला. तिच्याबद्दल तुम्ही जेमतेम एक ओळ लिहिलीत, म्हणून मुद्दाम सांगतोय.

सहा एकर मात्र स्वकष्टार्जित. ती आणि आठ एकरांतला तुमचा वाटा यांचं मृत्युपत्र तुम्ही मनाप्रमाणे करू शकता. पण सालगड्याचं नाव घालण्याआधी त्याच्या नावावर कुठे शेती आहे का, तो कायद्याने शेतकरी किंवा शेतमजूर ठरतो का, ते बघा. यांपैकी काहीच नसेल, तर अशा माणसाकडे शेतजमीन जाऊ न देणारं कुळकायद्याचं कलम 63 आडवं येतं. जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते. मृत्युपत्राने ही अट चुकवता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने 2020 मध्येच गुजरातच्या एका प्रकरणात म्हटलंय, आणि दोन्ही राज्यांतला मूळ कुळकायदा 1948 चा एकच. परवानगी मिळणार नसेल, तर त्याच्यासाठी बँकेतली ठेव लिहून ठेवा. तिला ही अट नाही.

मुलाचं म्हणणं अगदीच चूक, असं मी म्हणणार नाही. मंगळवेढ्याच्या ज्वारीला 2016 मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, पण काढणीला माणूस त्याने मिळत नाही. तरी त्याच्यावरच्या रागात आत्ता कुणालाच बक्षीसपत्र करून देऊ नका. एकदा नोंदलेलं बक्षीसपत्र सहजी मागे घेता येत नाही. मृत्युपत्र शेवटपर्यंत बदलता येतं. त्यावर दोन साक्षीदार हवेत, ज्यांना त्यातून काही मिळणार नाही असे. डॉक्टरांचा दाखला जोडा आणि दुय्यम निबंधकांकडे नोंदवा.

त्याआधी तलाठ्याकडून आठ एकरांचे जुने फेरफार, म्हणजे मालकी बदलल्याच्या नोंदी, काढा. आजोबांनंतर जमीन वडिलांकडे आणि मग तुमच्याकडे नेमकी कशी, कोणत्या साली आली, त्यावर वरचा एक तृतीयांशाचा हिशेबसुद्धा बदलू शकतो.