डास चावल्यावरची पहिली दहा मिनिटं

प्रश्न : ताई, माझा मुलगा सहा वर्षांचा आहे. डास चावला की त्याच्या पायावर कोटाच्या बटणाएवढी गांध उठते. रात्री झोपेत खाजवून खाजवून तो रक्त काढतो. टूथपेस्ट लावली, लिंबू चोळलं, बामही लावून पाहिला. तेवढ्यापुरतं थांबतं, पुन्हा सुरू. आणि आज पोटरीवर डास चावला की आठवड्यापूर्वीच्या, पार बसलेल्या गांधीही पुन्हा वर येतात. आतलं विष पूर्ण निघून जावं म्हणून घरच्या घरी काय लावू? — एक आई

उत्तर : तुमच्या पत्रातला ‘झोपेत रक्त काढतो’ हा शब्द वाचला आणि मला माझ्या मुलीचा डावा घोटा आठवला. ती पाच वर्षांची होती. मी रुग्णालयात परिचारिका, दिवसभर दुसऱ्यांच्या जखमा बांधायची. घरी तिच्या घोट्यावर डासाचा एक चावा होता, तो ती दोन रात्री ओरबाडत होती, आणि मी ‘डासच तर आहे’ म्हणून सोडून दिलं. तिसऱ्या सकाळी तिथे मधाच्या रंगाची ओलसर खपली धरली होती आणि भोवतीची कातडी हाताला गरम लागत होती. जंतू शिरले होते. पुढचे काही दिवस गोळ्या घ्याव्या लागल्या. म्हणून सांगते, डासाच्या चाव्यात सांभाळायची असते ती कातडी. ती फुटली नाही, तर बहुतेक गांधी काही दिवसांत आपोआप विरतात.

आता विषाचं. डासाची मादी रक्त ओढते, कारण अंडी तयार व्हायला तिला ते लागतं. ओढताना रक्त गोठू नये म्हणून ती थोडी लाळ आत सोडते. आपलं शरीर ती लाळ परकी म्हणून ओळखतं, हिस्टामिन नावाचं रसायन सोडतं, आणि सूज, लाली, खाज हे सगळं त्यातून येतं. म्हणजे गांध आपल्याच शरीराने उठवलेली असते. त्यात दाबून, पिळून किंवा चोळून बाहेर काढण्यासारखं काही नसतं. तेव्हा ‘विष निघालं का’ हा प्रश्न आजपासून सोडून द्या. मुलाचा हात तिथे जाऊ नये एवढंच आपलं काम.

ते सगळ्यात चांगलं गारव्याने साधतं. आधी साबण-पाण्याने जागा धुवा. मग सुती रुमालाची चौपदरी घडी करा, आत बर्फाचा एक खडा ठेवा आणि ती पुरचुंडी गांधीवर नुसती टेकवून धरा. चोळू नका. बर्फ थेट कातडीवर कधीच नको, लहान मुलांच्या नाजूक कातडीला त्याने इजा होते. पहिल्या मिनिटाला मूल पाय ओढून घेतं, तेव्हा पुरचुंडी उचला, श्वासभर थांबा, पुन्हा टेकवा. थोड्याच वेळात पाय सैल पडतो, तो सैलपणा तुमच्या हाताला कळेल. एकूण दहा मिनिटं पुरेत. गारव्याने तिथल्या नसा बधिर होतात, रक्तवाहिन्या आकसतात, सूज कमी चढते. बर्फ नसेल तर ओलं गार फडकंही चालतं, फक्त ते मधून मधून पुन्हा भिजवत राहा.

दुसरा उपाय खायच्या सोड्याचा. एक मोठा चमचा सोडा वाटीत घ्या आणि पाणी थेंबाथेंबाने घाला. वाटी तिरपी केली तरी लेप ओघळला नाही पाहिजे. दहा मिनिटांनी धुऊन टाका. लेप वाळून तडकेपर्यंत ठेवला तर कातडी कोरडी पडते आणि तीच पुन्हा खाजते. बऱ्याच मुलांना याने आराम पडतो, काहींना अजिबात नाही. नाही पडला तर हट्ट धरू नका. कोरफडीचा स्वच्छ गर गार वाटतो, पण आधी कोपराच्या आतल्या बाजूला थोडा लावून एक दिवस बघा, काहींना तोच सोसत नाही.

कॅलामाइन, म्हणजे औषधाच्या दुकानात मिळणारं खाजेवरचं गुलाबी लोशन, मला या सगळ्यांपेक्षा भरवशाचं वाटतं. त्यातलं झिंक ऑक्साइड तळाशी बसतं, म्हणून बाटली नीट हलवूनच कापसावर घ्या. नुसतं वरचं पाणी लावून ‘उपयोग होत नाही’ म्हणणाऱ्या कितीतरी आया मी पाहिल्या आहेत. यातलं काहीही फुटलेल्या कातडीवर मात्र लावायचं नाही.

टूथपेस्ट थांबवा. तिच्यातल्या पुदिन्याच्या अर्काने क्षणभर गार वाटतं, मग ती चुरचुरते. लिंबू तर आजच बंद करा. लिंबाचा रस कातडीवर राहिला आणि त्यावर ऊन पडलं की भाजल्यासारखे फोड येतात आणि मागे तपकिरी चट्टे राहतात. माझ्या स्वतःच्या मनगटावर असा एक चट्टा कित्येक महिने होता, त्यामुळे या बाबतीत मी कुणाचंही ऐकून घेत नाही. बामाचं म्हणाल तर बऱ्याच बामांत कापूर असतो आणि तो पोटात गेला तर लहान मुलांना झटके येऊ शकतात. बाम लावलेला पाय खाजवणारी बोटं पुढे तोंडात जातातच.

रात्रीचं वेगळं सांगते, कारण खरी लढाई रात्रीची आहे. पांघरुणात अंग तापतं, दाह आटोक्यात ठेवणारं शरीरातलं कॉर्टिसोल रात्री उतरतं, आणि लक्ष दुसरीकडे वळवायला काही नसतं. त्यामुळे दिवसा विसरलेली खाज अंथरुणात जागी होते. झोपण्यापूर्वी कोमट पाण्याने अंघोळ घाला, कढत नको. मग दहा मिनिटं गार घडी, मग कॅलामाइन. अंगात सैल, सुती, पायभर कपडा. नखं दर तीन-चार दिवसांनी कापा आणि कापल्यावर कडा घासून गुळगुळीत करा. नुकत्याच कापलेल्या नखाची धार लांब नखापेक्षा जास्त ओरखडते.

जुन्या गांधी पुन्हा उठण्याची भीती बाळगू नका. साधारण दोन ते दहा वर्षांच्या मुलांमध्ये हे बरंच दिसतं. शरीर त्या लाळेला अजून सरावलेलं नसतं, म्हणून एक नवा चावा जुन्या जागाही पेटवतो. पुढच्या काही वर्षांत बहुतेक मुलांचं हे आपोआप कमी होत जातं. तोवर नवा चावा टाळणं हेच मोठं औषध : रात्री मच्छरदाणी, संध्याकाळी अंगभर कपडे, घरात-अंगणात साचलेलं पाणी नाही. सगळं करूनही झोप मोडत असेल तर डॉक्टरांना भेटा. खाजेचं पातळ औषध मुलाच्या वयाप्रमाणे, वजनाप्रमाणे ठरतं. मोठ्यांची गोळी अर्धी करून देऊ नका.

आणि हे फ्रिजच्या दारावर लावून ठेवा : चाव्याभोवतीची लाली दिवसागणिक पसरतेय, हात लावला तर दुखतंय, पू आहे, पिवळी खपली धरली आहे, लाल रेघ वर सरकतेय किंवा ताप आहे, तर घरचं काहीही न लावता त्याच दिवशी डॉक्टर. चाव्यानंतर काही तासांतच आलेली, खाजणारी सूज बहुधा ॲलर्जीची असते. एक-दोन दिवसांनी सुरू झालेली आणि खाजेपेक्षा जास्त दुखणारी सूज जंतूंची असू शकते.

प्रश्न : परवा मला बोटाला मधमाशी चावली. काटा चिमट्याने धरू नये, विष आत पिळलं जातं, असं ऐकलं होतं म्हणून खरवडायला काहीतरी शोधत बसलो. दुसऱ्या दिवशी सूज मनगटापर्यंत आली. जंतुसंसर्ग झाला का? — एक वाचक

उत्तर : शोधण्यात गेली ती मिनिटंच महागात पडली. मधमाशीच्या काट्याला उलटे दाते असतात, त्यामुळे तो विषाच्या पिशवीसकट कातडीत अडकतो आणि माशी उडून गेल्यावरही ती पिशवी विष ढकलत राहते. काटा कसा काढला यापेक्षा किती लवकर काढला याला महत्त्व आहे. नखाने काढा, चिमट्याने काढा, पण तत्क्षणी काढा. गांधीलमाशी सहसा काटा सोडत नाही, ती पुन्हा पुन्हा डसू शकते, तेव्हा तिथे काटा शोधत न बसता आधी त्या जागेपासून दूर व्हा.

मनगटापर्यंतची सूज बघून घाबरायला होतं, पण दंशानंतर दोन दिवस सूज वाढणं आणि मग हळूहळू उतरणं हे नेहमीचं आहे. हात उशीवर उंच ठेवा, गार घडी चालू ठेवा. बोटात अंगठी असेल तर आत्ता, वाचता वाचताच काढा. तिसऱ्या दिवसानंतरही सूज वाढतच राहिली, दुखणं वाढलं किंवा ताप आला, तर हात डॉक्टरांना दाखवा.

एका गोष्टीला मात्र घरगुती उपाय नाही. दंशानंतर अंगभर पित्त उठलं, ओठ किंवा जीभ सुजली, आवाज बसला, धाप लागली, उलट्या झाल्या, डोळ्यांपुढे अंधारी आली, तर काही चोळण्यात एक मिनिटही घालवू नका. रुग्णवाहिका बोलवा, माणसाला आडवं करून पाय उंच ठेवा. धाप लागली असेल तर बसू द्या, पण उभं करून चालवू नका. तिथे ॲड्रेनालिनचं इंजेक्शन लागतं आणि ते मिनिटांच्या हिशोबात लागतं.

प्रश्न : गरम चमचा टेकवला की खाज जाते म्हणतात. करू का? — एक विद्यार्थिनी

उत्तर : नको. थोडा वेळ उष्णता दिली की काहींची खाज थांबते हे खरं आहे, त्यासाठी तापमान आणि सेकंद बांधून दिलेली छोटी उपकरणंही असतात. चमचा किती तापला हे आपल्याला कळत नाही. चमच्याने भाजलेल्या गोल फोडांवर मी मलमपट्टी केली आहे, चाव्यापेक्षा ते फार जास्त दिवस छळतात. नखाने गांधीवर फुली मारायचीही तुम्हाला सवय असेल. तीही सोडा, त्या दुखण्याने खाज काही क्षणच झाकली जाते.

प्रश्न : खाजवलेल्या चाव्यांचे काळे डाग पायांवर राहिले आहेत. काय लावून जातील? — एक वाचक

उत्तर : दाह झालेल्या जागी कातडी जास्त रंग तयार करते, त्याचे हे डाग. ते फिके होतात, पण महिने लागतात, सावळ्या कातडीवर जरा जास्तच. ऊन लागलं की ते गडद होतात, म्हणून पाय झाका किंवा सनस्क्रीन लावा. रोज अंघोळीनंतर साधं मॉइश्चरायझर पुरे. घासून काढायला जाऊ नका, आणि गोरं करणारी मलमं डॉक्टरांना विचारल्याशिवाय तर मुळीच नकोत, काहींमध्ये तीव्र स्टेरॉइड असतं आणि त्याने कातडी पातळ होते. माझ्या मुलीच्या घोट्यावरचा डाग जायला जवळजवळ वर्ष लागलं. तिथे आता बोटाला लागेल न लागेल असा एक बारीक खळगा तेवढा उरला आहे.