जातीचं प्रमाणपत्र आहे तरी व्हॅलिडिटी कशाला? आणि आजोबा शाळेतच गेले नसतील तर कागद आणायचा कुठून?

भाऊ, तुम्ही विचारलंय की बहिणीकडं प्रांताचं (प्रांताधिकाऱ्यानं दिलेलं) आंध या आदिवासी जमातीचं प्रमाणपत्र आहे, ती बारावी सायन्सला आहे, मग कॉलेजवाले परत व्हॅलिडिटी, म्हणजे ते प्रमाणपत्र खरं असल्याचं वैधता प्रमाणपत्र, कशाला मागायलेत, आणि आजोबा शाळेची पायरीच चढले नाहीत तर जुना पुरावा कुठला दाखवायचा. मी पण आंधच, कळमनुरी तालुक्यातला, आमच्या घरातली पहिली फाइल मीच केली, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

प्रांत प्रमाणपत्र देतो ते दाखवलेल्या कागदांवर, त्याची खरी छाननी तपासणी समिती करते. हे 1994 च्या माधुरी पाटील निकालापासून आलं, त्यात सुप्रीम कोर्टानं समिती, गावात-शाळेत जाऊन चौकशी करणारं दक्षता पथक असं सगळं घालून दिलं, आणि मग आपल्या राज्यानं कायदा केला जो ऑक्टोबर 2001 पासून लागू आहे. त्यात स्पष्ट आहे की जमात सिद्ध करायची जबाबदारी आपल्यावर, समितीवर नाही. दावा खोटा ठरला तर अ‍ॅडमिशन जाते, डिग्री जाते, घेतलेली स्कॉलरशिप वसूल होते. लोक याला कटकट म्हणतात पण मला ही तपासणी हवीच वाटते, कारण खोट्या कागदावर गेलेली प्रत्येक सीट किनवट-माहूरकडच्या एखाद्या खऱ्या पोराची असते.

आता कागदाचं. माझा आजा पण शाळेत गेला नव्हता. पण त्याचा धाकटा भाऊ एक वर्ष गेला होता हे घरात कोणालाच माहीत नव्हतं, भावकीतल्या एका म्हाताऱ्यानं सांगितलं. शाळेत गेलो तर मुख्याध्यापकांनी लोखंडी पेटीतून लाल फडक्यात बांधलेलं रजिस्टर काढलं, कडा वाळवीनं खाल्लेल्या, आणि सगळं उर्दूत, कारण तेव्हा निजामाचं राज्य, वर्ष लिहिलेलं 1354 फसली. फसलीत 590 मिळवले की आपलं साल येतं, म्हणजे साधारण 1944. एका रिटायर्ड उर्दूच्या मास्तरांनी त्या ओळीवर बोट ठेवून हळूहळू वाचलं, नाव, बापाचं नाव, आणि जातीच्या रकान्यात ‘आंध’. मला तिथंच रडू आलं. त्या एका ओळीवर आमच्या घरातल्या पाच पोरांच्या व्हॅलिडिटी झाल्या.

म्हणून कागद फक्त आजोबाचाच शोधू नका, आजोबाचे भाऊ, चुलत भाऊ, पणजोबा, बापाकडचं सगळं रक्त धुंडाळा. आईकडचं चालत नाही. शाळेचा प्रवेश निर्गम उतारा, जुने जमिनीचे कागद, जन्ममृत्यूची नोंद, जे मिळंल ते, पण 1950 च्या आधीचं असलं तर त्याचं वजन फार जास्त. उर्दूचं भाषांतर अधिकृत माणसाकडूनच करून घ्या. आणि हात जोडून सांगतो, नोंदीत काना-मात्रा सुद्धा सुधारू नका. आमच्या नात्यातल्या एकानं कुणाचं तरी ऐकून ‘अंध’चं ‘आंध’ केलं, पथकानं शाळेत जाऊन मूळ रजिस्टर बघितलं, शाई वेगळी दिसली आणि खरी जमात असून सगळं घर अडकलं.

चुलता किंवा चुलत भाऊ यांच्यापैकी कोणाची व्हॅलिडिटी झालेली असली तर ती आधी लावा, वंशावळीच्या शपथपत्रासकट. नातं सिद्ध झालं आणि ती रीतसर चौकशी होऊन मिळालेली असली तर परत दक्षता चौकशीची गरज पडत नाही, हे मार्च 2023 मध्ये सुप्रीम कोर्टाच्या तीन न्यायाधीशांनी ठाकूर जमातीच्या केसमध्ये सांगितलंय. त्याच निकालात आप्तभाव चाचणीबद्दल पण आहे, म्हणजे देव कोणते, लग्नात देवक काय, मयताला काय करता हे जे विचारतात ते. आमच्या चुलत आजीला हेच विचारलं होतं, ती घाबरून नुसतं म्हणली की समदे करतात तसंच करतो की बाबा, आणि मला वाटलं संपलं आता सगळं. पण कोर्ट म्हणतं की ही चाचणी म्हणजे शेवटचा निकाल नाही, बाकीच्या पुराव्यासोबतच ती बघायची. हे मला फार न्यायाचं वाटतं, शंभर वर्षं गावात राहिलेल्या माणसाच्या चालीरीती बदलणारच ना.

दावा फेटाळला तर वर अपील नाही, सरळ हायकोर्टात रिट याचिका, आपल्यासाठी औरंगाबाद खंडपीठ.

बहिणीला अभ्यास करू द्या, फाइल कॉलेजमार्फत आत्ताच टाका आणि कागदासाठी तुम्ही फिरा. आधी भावकीतल्या सगळ्यात म्हाताऱ्या माणसाजवळ बसून कोण कोण शाळेत गेलं होतं ते वहीत लिहून काढा, आणि मे लागायच्या आत त्या शाळेत जा, सुट्टी लागली की पेटीची चावी असलेला माणूस जूनपर्यंत सापडत नाही.