निर्माती व्हायला घरचा पैसा लागतो का?

सप्रेम नमस्कार,

आपले पत्र मिळाले. अर्थशास्त्राच्या दुसऱ्या वर्षात शिकणाऱ्या आपल्या मुलीने फिल्म क्लबमध्ये 'द अ‍ॅक्ट ऑफ किलिंग' हा माहितीपट पाहिला, त्याच्या डॅनिश निर्माती सिग्ने ब्युर्गे सोरेनसेन यांच्याविषयी वाचले आणि आता पदवी अर्धवट सोडून तिला निर्मातीच व्हायचे आहे. "आमच्याकडे लावायला पैसा नाही, मग ही निर्माती होणार कशी?" असे आपण विचारता.

निर्माता म्हणजे पदरचे पैसे घालणारा शेठ, ही आपल्याकडची समजूत डेन्मार्कला लागू पडत नाही. सुमारे 60 लाख वस्तीच्या त्या देशात केवळ तिकीटविक्रीवर चित्रपट उभा राहणे अवघड असल्यामुळे निर्मात्याला डॅनिश फिल्म इन्स्टिट्यूटचे सरकारी अनुदान, दूरचित्रवाणी वाहिन्या आणि शेजारी देशांतील सहनिर्माते यांच्याकडून पैसा जमवावा लागतो, आणि प्रत्येकाची अट, हिशोब व हक्क वेगवेगळ्या करारांत सांभाळत काम तडीस न्यावे लागते. सोरेनसेन यांच्या 'फायनल कट फॉर रिअल' या कंपनीचा 'फ्ली' (2021) हा अ‍ॅनिमेशन माहितीपट डेन्मार्क, फ्रान्स, स्वीडन आणि नॉर्वे अशा चार देशांच्या सहनिर्मितीतून झाला.

परंतु हे केवळ पैशाचे काम आहे, असे मुलीला सांगू नका. 'द अ‍ॅक्ट ऑफ किलिंग' इंडोनेशियातील 1965-66 च्या हत्याकांडाविषयी आहे. त्याची श्रेयनामावली सरकत असताना नावांच्या जागी पुन्हा पुन्हा 'अनामिक' हा एकच शब्द येतो, कारण तिथल्या सहकाऱ्यांची नावे उघड करणे त्यांच्या जिवावर बेतले असते. 'फ्ली'मधील अफगाण निर्वासिताची ओळखही टोपणनावाने आणि रेखाटनांच्या आडून जपलेली आहे. अशा माणसांची जबाबदारी दिग्दर्शकाइतकीच निर्मात्यावरही असते, आणि माझ्या मते या व्यवसायातले सर्वांत जड ओझे तेच आहे.

आता पदवीविषयी. सोरेनसेन यांनी रॉस्किल्ड विद्यापीठात आंतरराष्ट्रीय विकास आणि संज्ञापन हे विषय घेऊन पदव्युत्तर शिक्षण पूर्ण केले होते, हे तिला अवश्य दाखवा. अर्थशास्त्र सोडण्याचे मला काहीच कारण दिसत नाही; अंदाजपत्रक वाचता येणारी व्यक्ती या क्षेत्रात कधीच फुकट जात नाही. कोपनहेगनच्या राष्ट्रीय फिल्म स्कूलचे शिक्षण डॅनिश भाषेत चालते, त्यामुळे तो विचार तूर्त बाजूला ठेवावा. पदवीनंतर कोलकात्याच्या सत्यजित राय संस्थेतील निर्मिती अभ्यासक्रमाची चौकशी करावी. मिळकतीचे मात्र स्पष्ट लिहितो: एकेका माहितीपटाला कित्येक वर्षे लागतात, त्यामुळे सुरुवातीची काही वर्षे दुसऱ्याच्या कंपनीत निर्मिती-सहायक म्हणून पगारावर काढण्याची तिची तयारी हवी. (लग्नाचा विषय आपण पत्रात ओझरता काढला आहे, त्याचा या निर्णयाशी संबंध जोडू नये, ही विनंती.)

तूर्त तिला एक काम द्या. महाविद्यालयातील कोणाच्या तरी दहा मिनिटांच्या लघुपटाचे अंदाजपत्रक तिने स्वतः करावे: कॅमेऱ्याचे भाडे, प्रवास, जेवणखाण, संगीताचे हक्क, ज्यांचे चित्रीकरण होणार त्यांची लेखी संमती, आणि यातला कोणता खर्च कोण उचलणार. तो कागद घेऊन दिवाळीच्या सुट्टीत तिलाच माझ्याकडे पाठवा. आपण सोबत आलात तरी चालेल, मात्र प्रश्नांची उत्तरे तिने द्यायची आहेत.

आपला स्नेहांकित,
करिअर मार्गदर्शक